जंगलस्नान : किसोच्या खोऱ्यातील एक दिवस

आजारी पडल्याशिवाय विश्रांती घ्यायची नाही, अशी आपल्या घरांची रीत आहे. घरातला पुरुष तापाने फणफणला की मगच कामावरून सुटी घेतो. बाई तर ताप उतरायचीही वाट पाहत नाही. गोळी घेते आणि पुन्हा गॅसपाशी उभी राहते. थकवा म्हणजे काही आजार नव्हे, असे आपण धरून चालतो. मग एक दिवस डॉक्टर रक्तदाबाची गोळी लिहून देतात आणि वर सांगतात, "टेन्शन घेऊ नका." ते न घेता राहायचे कसे, हे मात्र चिठ्ठीवर लिहिलेले नसते.

जपान हा देश तर कामात गळ्यापर्यंत बुडालेला. अति कामामुळे येणाऱ्या मृत्यूला तिथे 'करोशी' असा वेगळा शब्दच आहे. या नावाचे पुस्तक तिथे १९८२ साली प्रसिद्ध झाले. त्याच वर्षी जपानच्या सरकारी वनखात्याचे प्रमुख तोमोहिदे आकियामा यांनी आणखी एक शब्द लोकांपुढे ठेवला, 'शिनरिन-योकू'. शिनरिन म्हणजे जंगल आणि योकू म्हणजे अंघोळ. ही अंघोळ पाण्याची नाही. झाडांमधली हवा, वास, आवाज आणि उजेड अंगावर घेत सावकाश फिरायचे, बसायचे, एवढाच तिचा अर्थ. डोंगर चढून शिखर गाठायचे नाही, व्यायाम म्हणून घाम गाळायचा नाही. या जंगलस्नानाचा पहिला देशव्यापी कार्यक्रम नागानो प्रांतातील आगेमात्सू गावच्या आकासावा जंगलात झाला.

हे जंगल पाहण्याचा योग मे महिन्यात आला. आमचा मुलगा नागोया शहरात नोकरी करतो. आम्ही दोघे महिनाभर त्याच्याकडे राहायला गेलो होतो. सून घरून काम करते, नात दोन वर्षांची आहे. यांना दोन वर्षांपासून रक्तदाबाची गोळी सुरू आहे. मुलाने एक दिवसाची सहल ठरवली : सकाळी खेड्यांतून चालायचे आणि दुपारी जंगलस्नान, दोन्हीकडे वाटाड्या सोबत. चालण्यासाठी पैसे देऊन माणूस कशाला घ्यायचा, हा प्रश्न यांनी विचारलाच. त्याचे उत्तर दुपारी मिळाले.

राजकन्येची वाट

नागोयाहून आगगाडीने पन्नास मिनिटांत नाकात्सुगावा येते. स्टेशनवर वाटाडी बाई गाडी घेऊन उभ्या होत्या. वय साठीच्या पुढचे, डोक्यावर टोपी, पायात जुने बूट. खेड्यात वाढलेल्या. त्यांचे बोलणे मुलगा आम्हाला मराठीत सांगत होता.

आम्ही चाललो तो रस्ता नाकासेंदो या जुन्या हमरस्त्याचा एक तुकडा. एदो म्हणजे आजचे टोकियो आणि क्योतो ही दोन शहरे जोडणाऱ्या या रस्त्यावर मुक्कामाची ६९ गावे होती. समुद्राकाठचा दुसरा रस्ता सोपा होता, पण त्यावर मोठमोठ्या नद्या ओलांडाव्या लागत. डोंगरातून जाणाऱ्या या वाटेवर ती भीती कमी, म्हणून प्रवासाला निघालेल्या स्त्रिया ही वाट पसंत करत. १८६१ साली राजकन्या काझुनोमिया शोगुनशी लग्न करण्यासाठी याच वाटेने एदोला गेली. त्यामुळे या रस्त्याला राजकन्येची वाट असेही म्हणतात.

मागोमे आणि त्सुमागो या दोन गावांमधले अंतर सुमारे आठ किलोमीटर आहे. मधल्या खिंडीपर्यंत चढण आणि तिथून पुढे त्सुमागोपर्यंत उतार. आमच्यात मोठी माणसे आणि लहान मूल असल्याने बाईंनी गाडीने खिंडीपर्यंत नेले आणि आम्ही उताराचे पाचेक किलोमीटर चाललो. नात मुलाच्या पाठीवरच्या झोळीत होती.

वाटेवर जागोजागी लाकडी खांबांना घंटा टांगलेल्या दिसतात. या डोंगरात अस्वले आहेत. माणूस येतोय हे त्यांना आधी कळावे, म्हणजे ती आपणहून बाजूला होतात. नातीने प्रत्येक घंटा वाजवायला लावली. खाली दरीत भातखाचरे पाण्याने भरलेली होती, काही ठिकाणी रोपांची लावणी झालेली. आमच्याकडे हेच दृश्य जुलैत दिसते, म्हणून हे बांधावर थांबून बराच वेळ पाहत राहिले. वाटेत एक जुने चहाघर लागते. गावातले लोक तिथे पाळीपाळीने बसतात आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला चहा देतात. पैसे मागत नाहीत. दूध-साखर नसलेला तो चहा मला पहिल्या घोटाला कडू लागला, पण दुसरा कप मीच मागितला.

विकायचे नाही, भाड्याने द्यायचे नाही, पाडायचे नाही

त्सुमागो हे गाव पाहिले की काळ दीडशे वर्षे मागे गेल्यासारखा वाटतो. दोन्ही बाजूंना लाकडी घरे, पुढे आलेले वरचे मजले, बारीक पट्ट्यांच्या जाळ्या. विजेच्या तारा घरांच्या मागून नेल्या आहेत. दिवसा मुख्य गल्लीत मोटारींना बंदी आहे. हे सगळे आपोआप टिकलेले नाही. रेल्वे आली ती गावाला वळसा घालून, मग वाटसरू आटले, तरुण पोरे शहरात गेली आणि घरे मोडकळीला आली. १९६८ मध्ये गावकऱ्यांनी जुनी घरे दुरुस्त करायला सुरुवात केली. मग सर्वांनी मिळून तीन नियम ठरवले : घर आणि जमीन विकायची नाही, भाड्याने द्यायची नाही, पाडायची नाही. १९७६ मध्ये सरकारने हे गाव जपणुकीच्या यादीत घेतले.

मी बाईंना विचारले, "हे नियम पाळणे सगळ्यांना सोपे गेले का?"

त्या म्हणाल्या, "सोपे कसे जाईल? घर तुमचे असते, पण त्याचे काय करायचे हे सगळ्या गावाने ठरवायचे. काहींना राग यायचा. पण विकले असते तर आज हे गाव दुकानदारांचे झाले असते, आमचे राहिले नसते."

जपानची खेडी आज रिकामी होत आहेत, हेही त्यांनी सांगितले. देशातल्या दर दहा माणसांत जवळजवळ तीन जण ६५ वर्षांच्या पुढचे आहेत. २०२३ च्या सरकारी पाहणीत देशभर सुमारे ९० लाख घरे रिकामी आढळली. चालायला येणारे पाहुणे म्हणजे या खेड्यांसाठी नुसती करमणूक नाही. चहाघर, शेत, पायवाट यांची निगा राखायला त्यामुळे कारण मिळते आणि थोडा पैसाही.

तीनशे वर्षांची झाडे

तिथून गाडीने आगेमात्सूला आणि पुढे डोंगरात आकासावाला गेलो. पोहोचायला दुपार झाली. जंगलाच्या तोंडाशी एक छोटी आगगाडी आहे. पूर्वी अशा गाड्यांतून लाकडाचे ओंडके खाली नेत, आता ती माणसांना घेऊन सुमारे एक किलोमीटर जाते. नात तिच्यावरून उतरायलाच तयार नव्हती.

आकासावाची मुख्य झाडे हिनोकीची. हा सरूच्या कुळातला वृक्ष. खोड सरळ, साल तांबूस आणि लांब पट्ट्यांत सुटणारी, लाकूड फिके, सुगंधी आणि पाण्याने लवकर न कुजणारे. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला जपानमध्ये किल्ले आणि शहरे यांची एवढी बांधकामे झाली की किसोचे डोंगर उघडे पडू लागले. तेव्हा इथला कारभार पाहणाऱ्या ओवारीच्या सरदार घराण्याने तोडीवर बंदी घातली. हिनोकी आणि तिच्यासारखी दिसणारी आणखी चार झाडे, सावारा, आसुनारो, नेझुको आणि कोयामाकी, अशी पाच झाडे राखीव झाली. त्या काळची म्हण आजही सांगतात : हिनोकीचे एक झाड म्हणजे एक मुंडके. झाड तोडणाऱ्याला देहदंडाची भीती होती. आज जी झाडे आपण मान वर करून पाहतो ती त्या बंदीनंतर वाढलेली, तीनशे वर्षांच्या आसपासची आहेत.

हे ऐकताना मला एक गोष्ट जाणवली. ज्या सावलीत आज शहरातली थकलेली माणसे विश्रांती घेतात, ती सावली गरीब गावकऱ्यांनी सोसून राखली गेली. दारात जंगल असून त्यांना घरासाठी चांगले लाकूड घेता येत नव्हते. त्सुमागोत लोकांनी स्वतःच्या मर्जीने स्वतःवर बंधन घातले, इथे ते बळजबरीने लादले गेले. राखलेल्या गोष्टीचा फायदा मात्र दोन्हीकडे नंतरच्या पिढ्यांना मिळाला.

वीस मिनिटे

जंगलात शिरण्याआधी आम्ही जोहरची नमाज अदा केली. वाटेच्या कडेला स्वच्छ ओढा वाहतो. मे महिना असूनही वजू करताना बोटे बधिर झाली. जपानमधून किब्ला आपल्यासारखाच पश्चिमेकडे येतो, आपल्यापेक्षा थोडा जास्त उत्तरेला झुकलेला. नमाजला किती वेळ लागेल हे बाईंनी सकाळीच विचारून ठेवले होते आणि दिवसाचे वेळापत्रक तसे बसवले होते. आमचे होईपर्यंत त्या दूर एका बाकावर बसून राहिल्या.

मग चालणे सुरू झाले आणि वाटाड्या कशासाठी लागतो ते कळले. आम्हाला वाट दाखवण्यासाठी त्या नव्हत्याच. वाट तर लाकडी फळ्यांची, चाकाच्या खुर्चीनेही जाता येईल अशी सपाट होती. त्यांचे काम होते आम्हाला सावकाश करणे. यांनी नेहमीप्रमाणे भराभर पावले टाकायला सुरुवात केली, तशा त्या हसून पुढे झाल्या आणि इतक्या हळू चालू लागल्या की यांना मागे राहावेच लागले. सगळ्यांचे फोन एका पिशवीत ठेवायला सांगितले.

पुढच्या दोन तासांत आम्ही जेमतेम दीड किलोमीटर चाललो असू. एका ठिकाणी त्यांनी खाली पडलेल्या दोन डहाळ्या हातात दिल्या. दोन्ही सारख्याच दिसत होत्या. पानांची मागची बाजू पाहा, म्हणाल्या. एकीवर इंग्रजी वाय अक्षरासारख्या बारीक पांढऱ्या रेषा होत्या, ती हिनोकी. दुसरीवर एक्ससारख्या, ती सावारा. त्यानंतर प्रत्येक झाडाखाली आम्ही पाने उलटून पाहत होतो. हिनोकीचा कपटा बोटांत चुरून हुंगला तर लिंबाच्या सालीसारखा वास येतो. डोळे मिटून किती आवाज ऐकू येतात ते मोजायला सांगितले. मला आधी फक्त ओढा ऐकू आला. मग त्याच ओढ्याचे दोन वेगळे आवाज, एक जवळचा आणि एक खालच्या दगडांतला. मग पक्षी. मग यांचा श्वास.

शेवटी त्यांनी प्रत्येकाला एकेक जागा निवडून वीस मिनिटे एकटे बसायला सांगितले. काही करायचे नाही, काही आठवायचे नाही, झोप आली तरी चालेल. नातीला मी घेतले आणि ओढ्याकाठी दगड मोजत बसले. सून थोड्या अंतरावर एका मोठ्या हिनोकीला टेकून बसली. वीस मिनिटांनी बाईंनी हळूच टाळी वाजवली तेव्हा ती लगेच उठली नाही. माझ्याजवळ आली, नातीला कडेवर घेतले आणि म्हणाली, "अम्मी, ही झाल्यापासून आज पहिल्यांदा वीस मिनिटे मला कुणी हाक मारली नाही."

तक्रार नव्हती ती. नुसती सांगितलेली गोष्ट होती. पण माझ्या मनात ती त्या तीनशे वर्षांच्या झाडांपेक्षा जास्त राहिली.

अभ्यास काय सांगतो

जंगलात बसून बरे वाटते हे सांगायला अभ्यासाची गरज नाही. तरी जपानी संशोधकांनी ते मोजून पाहिले आहे. चिबा विद्यापीठाचे योशिफुमी मियाझाकी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २४ जंगलांत प्रयोग केले. २८० तरुणांना काही वेळ जंगलात आणि काही वेळ शहरात बसवले, चालवले. जंगलात त्यांची नाडी आणि रक्तदाब थोडा उतरला, लाळेतील कॉर्टिसॉल कमी झाले. ताण आला की शरीरात वाढणारे हे संप्रेरक आहे. टोकियोच्या निप्पॉन मेडिकल स्कूलमधील डॉक्टर चिंग ली यांनी २००५ मध्ये १२ नोकरदार पुरुषांना तीन दिवस नागानोतल्याच जंगलात नेले. रोगांशी लढणाऱ्या एका प्रकारच्या पांढऱ्या पेशींचे काम त्यांच्या रक्तात वाढलेले दिसले. नंतर असाच प्रयोग १३ परिचारिकांवर झाला. झाडांच्या वासातील द्रव्यांचा यात वाटा असावा, असे त्यांना वाटते.

ही माणसे थोडी होती आणि निरोगी होती. तीन दिवस कामातून सुटका, मोकळी हवा आणि भरपूर चालणे यांचाही परिणाम त्यात धरावा लागेल. म्हणून जंगलस्नानाने मधुमेह जातो, कर्करोग बरा होतो असे कुणी सांगितले तर ऐकू नका. यांची रक्तदाबाची गोळी त्या दिवशी सकाळीही घेतली गेली आणि आजही चालू आहे. जंगलाने ताण हलका होतो, औषधाची जागा जंगल घेत नाही.

जाणार असाल तर

नागोया किंवा टोकियोत मुले-नातेवाईक असलेली बरीच कुटुंबे आता जपानला जातात. त्यांच्यासाठी चार गोष्टी सांगते.

आकासावाचे जंगल हिवाळ्यात बंद असते. मे ते ऑक्टोबर हे महिने ठीक. मार्च-एप्रिलमध्ये जपानभर सुगी नावाच्या झाडांचे पराग उडतात आणि लाखो लोकांना शिंका व डोळ्यांची आग होते. दमा किंवा ॲलर्जी असणाऱ्यांनी तो काळ टाळावा.

जेवण घरून न्यावे. सुनेने पराठे, उकडलेली अंडी आणि बटाट्याची भाजी बांधून घेतली होती. खेड्यातल्या छोट्या खानावळीत हलाल मांस मिळण्याची आशा धरू नका. शाकाहारी दिसणाऱ्या पदार्थांतही अडचण असते. सोबा शेवयांच्या रश्शात बहुधा मिरिन हे गोड मद्य पडते. किसोचा गोहेई-मोची हा पदार्थ, म्हणजे काडीला लावून भाजलेला भाताचा गोळा, त्यावरच्या अक्रोड-मिसोच्या चटणीतही कधी मद्य असते. बाईंनी दुकानात विचारून पाहिले, दुकानदाराने प्रामाणिकपणे असल्याचे सांगितले, आम्ही खाल्ला नाही. आपण काय खात नाही आणि नमाजसाठी किती वेळ लागेल, हे वाटाड्याला आधीच लिहून कळवावे. ते लोक ते मनापासून पाळतात.

पायात न घसरणारे बूट हवेत. डोंगरात पाऊस अचानक येतो, म्हणून पातळ रेनकोट जवळ असावा. कचरापेट्या जवळपास कुठेच नसतात, आपला कचरा आपल्याच पिशवीत परत न्यायचा.

घरी परतल्यावर

जपान दूर आहे आणि तिकीट महाग आहे. पण त्या दिवसात पैसे नेमके कशाचे पडले, हे पाहिले तर बरेचसे काम घरीही होण्यासारखे आहे. झाडे फुकट होती, ओढा फुकट होता. पैसे दिले ते आम्हाला थांबवणाऱ्या माणसाचे. एकाने फोन बाजूला ठेवायला लावले, एकाने मूल सांभाळले, तेव्हा तिसऱ्याला वीस मिनिटे मिळाली. विश्रांती अशी कुणीतरी दुसऱ्याने हातात ठेवावी लागते, विशेषतः घरातल्या बाईच्या.

घराजवळ एखादी बाग असेल, शाळेच्या मैदानात वड-पिंपळ असेल, गावाबाहेर आमराई असेल, तर आठवड्यातून एकदा घरातल्या एकाला तिथे पाठवा. सोबत फोन नको, पिशवी नको, येताना कोथिंबीर आण असा निरोपही नको. तेवढा वेळ मूल आजीने घ्यावे, दारावरची बेल आजोबांनी पाहावी, कुकरच्या शिट्ट्या मुलाने मोजाव्यात. पुढच्या आठवड्यात दुसऱ्याची पाळी. त्सुमागोच्या चहाघरासारख्या पाळ्या लावल्या तर कुणावर ओझे होत नाही.

आमच्या घरी आता रविवारी असरनंतरची वीस मिनिटे ठरलेली आहेत. परवा मुलाचा नागोयाहून फोन आला. मी विचारले, "सूनबाई कुठे आहे?" तो म्हणाला, "अम्मी, ती खाली बागेत बसली आहे. तिला आत्ता हाक मारायची नाही."